नावावर जमीन किती

मुरूम गावाच्या आसपास सोयरिकी जुळवणारे हे गृहस्थ खांद्यावरच्या टॉवेलवरून लांबूनच ओळखू येतात. लग्नात आहेर म्हणून मिळालेला टॉवेल ते पुढचं लग्न जमेपर्यंत मिरवतात. कुणाच्याही ओसरीवर टेकले की त्यांचा पहिला प्रश्न, "जमीन किती?" मुलाचं किंवा मुलीचं नाव ते चहा पिऊन उठताना विचारतात. आम्ही त्यांची नक्कल करून हसतो.

परवा ते माझ्याकडं आले, तेव्हा खांदा मोकळा होता. खुर्चीच्या कडेवर बसून म्हणाले, "गुरुजी, तेरला एका पोरीचं जमवताना तिची आत्या भेटली. त्या आत्याचे मालक वारलेत, म्या बी एकटाच. तुमी जाऊन बोलता का? मला लाज वाटायली."

मला गंमत सुचली. त्यांच्याच सुरात मी विचारलं, "नावावर जमीन किती?"

त्यांची मान खाली गेली. "इचारलंच न्हाय," ते म्हणाले. "इचारावं वाटंना. लोकांच्या लेकीबाळींचं मात्र लई इचारलं."

मला चहा ठेवायचंही सुचेना. निघताना, चप्पल घालता घालता, त्यांनी तिचं नाव हळूच सांगितलं.

मी ते विचारलंच नव्हतं.