खुंटीवरचा कोट

मळमड्डीतून गोदाचे घरमालक स्वतःच सांगत आले. "गोदाअक्का पहाटे गेल्या हो, बाई. तापानं." आणि लगोलग पुढचं, "त्यांच्या भावाला तार करा की. अळणावरचा पत्ता आहे न्हवं तुमच्याकडं?"

गोदाला भाऊ नव्हताच.

आम्ही दोघी धारवाडात मुलींच्या शाळेत शिकवायचो. मला नवऱ्याचं घर होतं. ती बालविधवा, सासर तुटलेलं, माहेरी कुणी उरलेलं नाही. स्वतःच्या पगारावर एक खोली, एवढंच तिचं मागणं. पण ज्या दारात जावं तिथं एकच प्रश्न, "सोबत पुरुष कोण?" 'कुणी नाही' म्हटलं की खोली नेमकी कालच दिलेली असायची. ह्याच लोकांच्या मुली तिच्यासमोर बसून धुळाक्षरं गिरवत होत्या! पोटची पोर बाईच्या हवाली करायची आणि त्याच बाईला छप्पर नाकारायचं. आजही आठवलं की तळपायाची आग मस्तकात जाते.

शेवटी तिनं हुबळीच्या जुन्या बाजारातून एक काळा पुरुषी कोट आणला आणि सांगून टाकलं, "आमचे थोरले भाऊ, अण्णा, अळणावरला लाकडाच्या वखारीत असतात. येऊन-जाऊन असतात इथं." खोली लगेच मिळाली, कोट खुंटीवर चढला. काही महिने बरे गेले. मग घरमालकिणीच्या ध्यानात आलं, "ह्या कोटाची कॉलर कधी मळतच न्हाई की हो!" त्याच आठवड्यात गोदाचं सामान रस्त्यावर आलं.

पुढच्या, म्हणजे मळमड्डीच्या खोलीत ती सावध झाली. दर रविवारी कॉलरला खोबरेल चोळायची, खिशात तंबाखूची चिमूट टाकायची. "आमचे अण्णा भारी घामट गं," म्हणून हसायची. मला नाही हसू यायचं. आठवडाभर वर्ग सांभाळून थकलेल्या बाईनं सुट्टीच्या दिवशी नसलेल्या पुरुषाचा घाम तयार करत बसायचं... आणि हे सारं चारित्र्यवान शेजाऱ्यांच्या समाधानासाठी!

तिची खोली आवरायला गेले तेव्हा मालकांनी कोट माझ्या हातात दिला. "अण्णांना पोचवा. त्यांच्या भरवशावरच खोली दिली होती." खरं काय ते तोंडावर फेकावं असं जिभेवर आलं होतं. गिळलं, आणि कोट घरी आणला.

परवा गोदाच्या जागी नवी बाई आली. तरणी, एकटी. खोली मिळेना म्हणून शाळेतच रडत बसली. मी घरी जाऊन कोट काढला, झटकला, कॉलरला ताजं खोबरेल चोळलं आणि तिच्या हातात ठेवला.

काल तिला खोली मिळाली.