अर्धी माळ

कॉर्पोरल प्रार्थना अर्धीच म्हणायचा. ड्युटीवरून आला, आंघोळ उरकली, की खाटेच्या कडेला ताठ बसायचा, हातात लाकडी मण्यांची माळ घ्यायचा आणि सिंहलीत चार ओळी खणखणीत म्हणायचा. मग गप्प. चार ओळी म्हणायला जेवढा वेळ लागेल, बरोबर तेवढाच वेळ गप्प. मग पुढचा मणी, पुन्हा त्याच ओळी, पुन्हा गप्प. असे दहा मणी व्हायचे आणि तोवर खोलीतला एसी बंद. मी दिवसभर ओमानमधल्या दुक्मच्या साइटवर लोकांचे एसी दुरुस्त करत हिंडायचो आणि संध्याकाळी माझ्याच खोलीत घामाने निथळत बसायचो. पहिल्याच आठवड्यात मी कुरकुर केली, तर म्हणाला, "एसी चलता तो सुनाई नहीं देता, भाई." काय ऐकू येत नाही, हे मी विचारलं नाही. देवाचं काहीतरी असेल म्हणून सोडून दिलं.

तो श्रीलंकेचा, समुद्रकाठच्या एका कॅथलिक गावातला. काम रिगरचं, म्हणजे क्रेनने उचलायच्या मालाला पट्टे-साखळ्या बांधायच्या आणि हाताच्या खुणांनी क्रेनवाल्याला वर-खाली सांगायचं. तरुणपणी तो सैन्यात होता, एवढं आम्हा कामगारांच्या कॅम्पला ठाऊक होतं, म्हणून सगळे त्याला कॉर्पोरल म्हणत. त्यानं ते कधी सांगितलं नव्हतं. त्याच्या चादरीच्या घडीनंच सांगितलं होतं. त्या घडीकडे बघून माझं अंथरूण मलाच लाज आणायचं. हिंदी तो कॅम्पमध्येच शिकला होता, त्यामुळे तिला ना आगा ना पीछा, पण नेमकं तेवढंच बोलायचा.

"लोड ऊपर, मुँह बंद," हे त्याचं ठरलेलं वाक्य. लोड हवेत असताना कुणी बोललेलं त्याला चालत नसे. एकदा नवा सुपरवायझर लोड लटकत असताना मागून घाई करत ओरडायला लागला, "यल्ला, यल्ला!" कॉर्पोरलनं वळूनही पाहिलं नाही. शांतपणे खुणा करत तो सगळा बोजा परत जमिनीवर टेकवला, पट्टे सैल केले, हातमोजे काढले, सुपरवायझरसमोर जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "सर, अभी चिल्लाओ." तो बापडा काय ओरडणार! त्या दिवसापासून मला हा माणूस आवडायला लागला.

माझं गाव सिंधुदुर्गातलं, आणि आमच्या शेजारी आंतोनेत मावशीचं घर. दिवेलागणीला तिच्या अंगणातल्या क्रुसापुढे तेर्स चालायचा, म्हणजे हीच माळेची प्रार्थना. मावशी पहिला भाग म्हणायची आणि घरातले सगळे दुसरा भाग म्हणून तो पुरा करायचे. एकदा मावशी घरात एकटीच होती, म्हणून मी गंमतीनं विचारलं होतं, आज कोण म्हणणार पुढचं? ती म्हणाली होती, "एकट्यान म्हणाचा नसता रे ता. एकान साद घालूची, बाकीच्यांनी ओ देवची." त्यामुळे कॉर्पोरलचं अर्धं काय राहतंय, ते मला कळत होतं. एका संध्याकाळी मी म्हटलं, "दुसरा आधा भी बोल दो ना, इधर कौन है बोलनेवाला?" तो माळ गुंडाळत होता. म्हणाला, "मेरा आधा मैं बोलता. बाकी आधा मेरा नहीं है." आवाजात राग नव्हता. तरी त्यानंतर मी तो विषय काढला नाही.

दुक्मला चर्च नाही. दोन-तीन महिन्यांतून एकदा, जोडून सुट्टी मिळाली की तो मस्कतच्या चर्चमध्ये शुक्रवारच्या मिस्सेला, म्हणजे सामुदायिक उपासनेला जायचा. एकदा मीही सोबत होतो. माझी मेहुणी मस्कतजवळ सीबला राहते, तिच्याकडे मला जायचं होतं. चर्चच्या आवारात ही गर्दी! फिलिपिनो बायका, मल्याळी कुटुंबं, गोव्याची मंडळी. एका बाजूला कन्फेशनची रांग होती. कॉर्पोरल रांगेत उभा राहिला. पुढे सहा माणसं, मग चार, मग दोन. दोन माणसं उरली आणि हा रांगेतून बाहेर पडून थेट मागे जाऊन पुन्हा शेवटी उभा राहिला. पुन्हा सहा, चार, दोन, आणि पुन्हा मागे. फादर उठून गेले तरी ह्याचा नंबर लागला नाही. मी चेष्टेनं म्हटलं, "इतना क्या पाप किया है?" तो हसला नाही. परतीच्या बसमध्ये वाळवंट बघत बसला आणि अर्ध्या वाटेवर एकदाच बोलला, "फादर माफ कर देगा. उसका काम ही है. इसीलिए डर लगता."

मग आमच्या खोलीतल्या तिसऱ्या खाटेवर अरुळ आला. तोही श्रीलंकेचाच, पण उत्तरेकडचा तमिळ, आणि कॅथलिक. वय चाळिशीचं, काम परांच्या बांधायचं, अंगानं गोल आणि बोलण्याला लगाम नाही. आल्या दिवशीच आईनं दिलेली मुरुक्कू, म्हणजे त्यांच्याकडची चकली, डब्यातून काढून आम्हाला खायला घातली आणि खाता खाता घरची सगळी हकीकत सांगून टाकली. थोरला भाऊ यादवीत पलीकडच्या बाजूनं, म्हणजे सैन्याविरुद्ध, लढायला गेला तो परत आला नाही. मेला असं कुणी सांगत नाही, आहे असंही कुणी सांगत नाही. आई आणि तिच्यासारख्या गावातल्या बायका दर सोमवारी मुलांचे फोटो मांडीवर घेऊन रस्त्याकडेला बसतात. अरुळ हे इतकं सहज सांगत होता की मी मुरुक्कू खातच राहिलो. कॉर्पोरलच्या हातातला तुकडा मात्र तसाच राहिला.

त्या संध्याकाळी एसी बंद झाला. कॉर्पोरलनं पहिल्या चार ओळी म्हटल्या, आणि खाटेवर आडव्या पडलेल्या अरुळनं सवयीनं, डोळे मिटूनच, पुढचा भाग तमिळमध्ये म्हणून टाकला.

कॉर्पोरल पुढच्या मण्यावर गेलाच नाही. उठला, बाहेर जाऊन तोंड धुऊन आला आणि पुन्हा सुरुवात केली. आता त्याचा आवाज खणखणीत नव्हता. दहा मणी झाले. सिंहलीत साद, तमिळमध्ये ओ. मला तर आंतोनेत मावशीच्या अंगणात बसल्यासारखं वाटलं. पुढे दोन आठवडे रोज हेच चाललं होतं आणि मी मनातल्या मनात खूश होतो, की बरं झालं, एकट्या माणसाला जोडीदार मिळाला. माझी समजूत ही अशी. कॉर्पोरलचं जेवण मात्र कमी कमी होत गेलं.

एका शुक्रवारी दुपारी आम्ही दोघं समुद्रावर गेलो होतो. वारा असा की उभं राहवेना. एका खडकाच्या आडोशाला बसून त्यानं मला सांगितलं. त्याच्या तुकडीत तिघेच कॅथलिक होते. रोज दिवस मावळताना तिघं खंदकात दहा मणी म्हणत. हा साद घालायचा, ते दोघं उत्तर द्यायचे. एक मारला गेला, दुसऱ्याची बदली झाली. त्यानंतर पहिल्याच संध्याकाळी ह्यानं एकट्यानं मोठ्यानं सुरुवात केली, आणि चार ओळी संपल्यावर समोरून, ताडाच्या झाडांपलीकडून, शत्रूच्या खंदकातून उत्तर आलं. तमिळमध्ये. तरुण आवाज, थोडा पातळ. त्यानंतर रोज. महिनाभर तरी. ह्यानं त्याचं तोंड पाहिलं नाही, त्यानं ह्याचं. पण वारा पडायची वाट दोघंही बघत असणार, असं तो म्हणाला.

मग नवा कॅप्टन आला. त्यानं दोन दिवस ऐकलं आणि तिसऱ्या दिवशी सांगितलं, आज दहा मणी नको, पूर्ण माळ म्हण. शेजारी तोफगोळे डागणारे दोघं बसले होते, कान लावून, हातात कागद घेऊन. आवाज कुठून येतो ते पक्कं करायला वेळ हवा होता.

"मेरे को मालूम था," कॉर्पोरल म्हणाला. "मैं चुप बैठ सकता था. बोल सकता था, गला खराब है." मग म्हणाला, "ऑर्डर था, वो सच है. दूसरा सच ये है, भाई, उस दिन मेरा आवाज बहुत अच्छा लगा था." पन्नास मणी झाले. पलीकडचा पोरगा आनंदानं उत्तर देत गेला. आज लांब चाललंय म्हणून त्याचाही आवाज चढला होता. शेवटच्या मण्याचं उत्तर अर्ध्यावर असताना गोळे पडले.

मग मी तेच बोललो जे माझ्यासारखा कुणीही बोलेल. "अरुळको मत बताना. इतने साल हो गए. वो उसका भाई था, ऐसा थोडी है? खलास करो."

तो म्हणाला, "भाई था, नहीं था, वो बात नहीं. वो रोज जवाब देता है. उसको मालूम नहीं, किसको देता है."

त्याच संध्याकाळी त्यानं सांगितलं. मला त्यांच्या भाषा कळत नाहीत, पण सगळं आधीच ठाऊक असल्यामुळे प्रत्येक शब्द कळल्यासारखा वाटत होता. कॉर्पोरल उभा राहून बोलत होता, पाय जुळवून, हात बाजूला. अरुळ आधी हसरा होता, मग नव्हता. शेवटी त्यानं एकच प्रश्न विचारला. कॉर्पोरलनं मान हलवली. अरुळ भिंतीकडे तोंड करून झोपला. नंतर कॉर्पोरलकडून कळलं, त्यानं विचारलं होतं, "तो आवाज मध्येच खोकायचा का?" आणि ह्याला ते आठवत नव्हतं.

पुढचे आठ दिवस त्या खोलीत कुणी प्रार्थना केली नाही. एसी चोवीस तास चालू. खोली इतकी गार की मी पांघरूण घेऊन झोपायचो, आणि खरं सांगतो, त्या गारव्याचा मला तिटकारा आला. नवव्या दिवशी, आम्ही तिघं खोलीत असताना, अरुळ कॉर्पोरलकडे न बघता मला म्हणाला, "उसको बोलो, मैं माफ नहीं करेगा, गाली भी नहीं देगा. मैं उधर था नहीं. मेरी अम्मा को जाके बताए. सब अम्मा लोग को बताए."

मी कॉर्पोरलकडे पाहिलं. सैन्यातून सुटल्यापासून तो उत्तरेला, त्या बाजूला एकदाही गेला नव्हता. त्याच्या काँट्रॅक्टचे दहा महिने बाकी होते. तो म्हणाला, "ठीक है." दुसऱ्या दिवशी त्यानं राजीनामा दिला.

तो गेला त्या सकाळी समुद्राकडून दाट धुकं आलं होतं. मस्कतच्या बसपाशी मी त्याला बायकोनं पाठवलेली कोकमं दिली. माझ्या हातची सोलकढी त्याला फार आवडायची. मी म्हटलं, अजून विचार कर, तिकडे तुला कुणी काही केलं तर? त्यानं माझा हात दोन्ही हातांत धरला. "तुम बोला, मत बताओ. अच्छा आदमी ऐसा ही बोलता है." मला रडू आलं. तो मात्र बसमध्ये चढून सरळ समोर बघत बसला.

महिन्यानं त्याचा फोन आला. त्या गावात अकरा बायका त्याच्यासमोर बसल्या होत्या, फोटो घेऊन. त्यानं सगळं सांगितलं. कुणी मारलं नाही, कुणी शिव्या दिल्या नाहीत. एकेकीनं विचारलं, आवाज कसा होता? त्यानं सांगितलं, तरुण, थोडा पातळ. अरुळची आई म्हणाली, माझा तो. तिच्या शेजारची म्हणाली, माझा. मग पलीकडची. अकराही जणींना तो आपला वाटला.

"फिर तुम क्या बोला?" मी विचारलं.

"हाँ बोला."

"किसको?"

"सबको. एक-एक को अलग ले जाके, हाँ बोला. दूसरी को मत बताना, ये भी बोला." पुढे म्हणाला, "वो लोग अब रास्ते पे नहीं बैठता. सबने अपने मरे लड़के का मिस्सा कराया. भाई, मैं एक को मारा था. अब ग्यारह हो गया."

त्यानंतर त्याचा नंबर लागलेला नाही. तो त्याच गावात राहिला आहे, मासेमारीच्या जाळ्यांचं काम करतो, असं अरुळ सांगतो. अरुळ आता बरा आहे. भावाच्या नावानं आईनं दगड बसवला, त्याचा फोटो त्यानं मला दाखवला. आई आता वेळेवर जेवते, असंही म्हणाला. बाकीच्या दहा जणींना कॉर्पोरलनं काय सांगितलं, हे त्याला ठाऊक नाही. ज्या खाटेसमोर उभं राहून कॉर्पोरलनं सगळं सांगितलं, तिथेच तो बसलेला असतो, आणि माझ्या जिभेवर ते रोज येतं.

शुक्रवारी तो आईला व्हिडिओ कॉल लावतो. मी खोलीत आहे असं कळलं की ती मला बघायला मागते, कॉर्पोरलचा मित्र म्हणून. अरुळ फोन माझ्याकडे वळवतो. म्हातारी पडद्यावर हात जोडते आणि तमिळमध्ये काहीतरी म्हणते. अरुळ मला त्याचा अर्थ सांगतो: तुझ्या मित्रानं माझा मुलगा मला परत दिला. मीही हात जोडतो आणि हसतो.