बनियनवरचे नारिंगी डाग

डॉक्टर म्हणाल्या, "टीबी आहे. फुप्फुसाचा." त्यावर माझ्या तोंडून पहिलं वाक्य निघालं ते असं: "शक्यच नाही. माझ्याकडे सर्टिफिकेट आहे."

आणि ते खरंच होतं. इंग्लंडच्या व्हिसासाठी सहा वर्षांपूर्वी मी मुंबईला जाऊन छातीचा एक्स-रे काढला होता. त्याचं सही-शिक्क्याचं प्रमाणपत्र अजून आमच्या ब्रॅकनेलच्या घरी फाइलमध्ये, प्लास्टिकच्या कव्हरात आहे. डॉक्टरांनी ते शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "त्या एक्स-रेमध्ये जागा झालेला टीबी दिसला असता. झोपलेला दिसत नाही."

मला ते पटलं नाही. मी सॉफ्टवेअर टेस्टर आहे. दुसऱ्याच्या कामात खोट काढण्याचाच मला पगार मिळतो, आणि ती सवय ऑफिसातून घरी येते. समीर, म्हणजे माझा नवरा, म्हणतो की मी देवळातल्या प्रसादाचीसुद्धा एक्सपायरी डेट बघते. त्यामुळे खोकला सुरू झाला तेव्हा मी आधी घरातल्या कार्पेटवर संशय घेतला, मग बॉयलरवर. पँट सैल झाली तेव्हा ऑफिसात सगळे विचारायला लागले की काय डाएट करतेस, आणि मी मूर्खासारखी खूश झाले. संध्याकाळी अंगात कणकण यायची आणि सकाळी उशी ओली असायची. जीपीने, म्हणजे आपल्या फॅमिली डॉक्टरने, दोनदा अँटिबायोटिक दिली. तिसऱ्या खेपेला दुसरे डॉक्टर होते. त्यांनी जन्म कुठला ते विचारलं आणि लगेच एक्स-रेला पाठवलं. भारतीय दिसली की लगेच टीबी आठवला यांना, असं मनात म्हणत मी कपाळाला आठ्या घालून हॉस्पिटलात गेले. त्यांच्या त्या एका प्रश्नामुळेच माझं निदान झालं, हे मान्य करायला मला बरेच दिवस लागले.

तुमच्यापैकी कोणाला हे ऐकावं लागलं तर एक गोष्ट आधी सांगते. टीबी बरा होतो. इथे त्याचे उपचार सगळ्यांना मोफत आहेत, व्हिसा कुठलाही असो. सहा महिने गोळ्या असतात, पहिले दोन महिने चार औषधं आणि पुढे दोन. पहिले दोन आठवडे मला घरातच वेगळ्या खोलीत राहायला सांगितलं. त्यानंतर माझ्यापासून लागण होण्याची भीती जवळपास उरणार नव्हती.

माझ्या वाट्याला आलेल्या टीबी नर्सचं नाव ग्रेस. ती झिम्बाब्वेची, पन्नाशीची, फार कमी हसणारी. पहिल्याच दिवशी तिने एक फॉर्म काढला. घरात कोण कोण, ऑफिसात शेजारी कोण बसतं, ओवी कुठल्या नर्सरीत जाते. ओवी माझी मुलगी, चार वर्षांची. याला कॉन्टॅक्ट ट्रेसिंग म्हणतात, म्हणजे पेशंटच्या सहवासात आलेल्या प्रत्येकाला शोधून तपासणं. मग ग्रेसने विचारलं, घरात पूर्वी कोणाला टीबी झाला होता का? मी म्हटलं, नाही. तिने पुन्हा विचारलं, आईवडील, आजीआजोबा? मी जरा चिडूनच म्हटलं, आमच्याकडे कोणालाही नाही. आमच्यासारख्या घरांत हे होत नाही, असं मला म्हणायचं होतं. ते तिला ऐकू गेलं असावं, कारण तिने 'नो'वर खूण करताना माझ्याकडे पाहिलं.

मग तिने विचारलं, या देशात आल्यावर रक्ततपासणीचं पत्र आलं नव्हतं का?

पत्र आलं होतं. पहिल्या वर्षी आम्ही इल्फर्डला तीन मराठी कुटुंबं मिळून एका घरात राहत होतो. तिथल्या जीपीकडून पत्र आलं की तुम्ही नवीन आहात, लेटंट टीबीची तपासणी करून घ्या. लेटंट म्हणजे झोपलेला. जंतू अंगात असतात, पण माणूस ठणठणीत असतो आणि त्याच्यापासून कोणाला लागण होत नाही. रक्त तपासून ते कळतं, आणि तीन महिने गोळ्या घेतल्या की पुढचा आजार बहुतेक वेळा टळतो. आम्ही किचनच्या टेबलाभोवती बसून त्या पत्रावर परिषद भरवली. फुकट तपासणी म्हणजे काहीतरी गोम असणार. रक्तात काही निघालं तर व्हिसावाल्यांना कळणार आणि पुढचा व्हिसा अडकणार. शिवाय एक्स-रे क्लीन आहे, मग परत कशाला? पदवीधर असलेल्या सहा माणसांनी एकमताने ती पत्रं रिसायकलिंगच्या डब्यात टाकली. सर्वांत जास्त वकिली मी केली होती.

खोलीत एकटी पडले आणि माझ्यातली टेस्टर जागी झाली. ऑफिसात बग सापडला की तो कुठल्या बदलातून आला ते मागे मागे जाऊन शोधतात. मी लॅपटॉपवर यादी केली. लंडनची गर्दीची ट्रेन. इल्फर्डचे घरवाले, त्यांना फोन करून करून मी वात आणला. ऑफिसातला एक खोकणारा माणूस, त्याला परागकणांची अ‍ॅलर्जी निघाली. आणि मग शोभाबाई.

शोभाबाई नागपूरला माझ्या माहेरी अठरा वर्षं धुणीभांडी करतात. गेल्या वर्षी मी दीड महिना माहेरी होते, तेव्हा त्या सारख्या खोकत होत्या. वस्तीत राहतात, एका खोलीत पाच माणसं. मला हवा तो आरोपी सापडला. मी आईला फोन केला आणि म्हटलं, "मला हे शोभाबाईंकडूनच आलंय. आधी त्यांना तपासा."

आईने आधी मी जेवले का ते विचारलं. मग म्हणाली, "बघते मी."

चौथ्या दिवशी आईचा मेसेज आला की शोभाबाईंना कामावरून बंद केलंय. मला हायसं वाटलं, हे लिहायला लाज वाटते पण वाटलं खरं. आमच्या बिल्डिंगमध्ये बातमी पसरायला लिफ्टसुद्धा लागत नाही. बिल्डिंगमधल्या आणखी तीन घरी त्या काम करत, दोन दिवसांत त्या तिन्ही घरांनी त्यांना येऊ नका म्हणून सांगितलं.

इकडे ओवी दाराबाहेर बसून चित्रं काढायची आणि फटीतून आत सरकवायची. "आई, तुझा डोअर कधी ओपन होणार?" असं रोज विचारायची. नवव्या दिवशी ग्रेसचा फोन आला. समीरची तपासणी ठीक होती. ओवीची पॉझिटिव्ह होती. आजार नव्हता, पण जंतू तिच्या अंगात जाऊन झोपले होते. तिला तीन महिने औषध द्यायचं होतं, मी कचऱ्यात टाकलेल्या पत्रात सांगितलं होतं तेच. मी त्या दिवशी उशीत तोंड खुपसून खूप रडले.

रडून झाल्यावर कपडे बदलायला उठले. पांढरा टी-शर्ट काढला तर काखेत नारिंगी डाग. रिफाम्पिसिन नावाच्या औषधाने लघवी, घाम, अश्रू सगळंच नारिंगी होतं, हे ग्रेसने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. लघवीचा रंग बघून मी दचकलेही नव्हते. पण कापडावरचा तो डाग मी आधी पाहिला होता, एकदा नव्हे, कित्येकदा. आमच्या मागच्या गॅलरीत, वाळत घातलेल्या बाबांच्या बनियनवर.

मी इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला होते तेव्हाची गोष्ट. बाबांच्या छातीत पाणी झालंय, एवढंच आम्हाला सांगितलं होतं. ते सहा-सात महिने घरी होते. त्यांचं ताट वेगळं होतं, पथ्य आहे म्हणून. आई त्यांचे बनियन स्वतः धुवायची आणि मोरी कोणाला घासू द्यायची नाही. मी डागांबद्दल विचारलं तेव्हा तिने कोशिंबिरीतल्या बिटाचं नाव सांगितलं. मी, प्रसादाची तारीख बघणारी, घामातून बीट येतं यावर विश्वास ठेवून बसले.

मी लगेच आईला व्हिडिओ कॉल लावला. कॅमेऱ्यासमोर टी-शर्ट धरला. मी विचारलं, "बाबांना टीबी होता ना?"

"तुझं लग्न व्हायचं होतं," आई म्हणाली. "टीबीच्या घरातली मुलगी कोण करतं? आता निखिलचं बघतोय आम्ही. आत्ताच कशाला काढतेस हे सगळं?" निखिल माझा धाकटा भाऊ.

"मग शोभाबाईंना का काढलंस?"

"तू म्हणालीस म्हणून."

आईला सगळं माहीत होतं, तरी ती गप्प बसली, माझ्यासाठी आणि निखिलसाठी. आणि मी तिला गप्प बसायला छान कारण दिलं होतं. हळूहळू ती बाकीचंही बोलली. बाबा खोकत होते तेव्हासुद्धा शोभाबाई आमच्याकडेच होत्या. त्यांना काही सांगितलं नाही, तपासलं नाही. आम्हा मुलांनाही नाही, कारण तपासायचं तर नाव घ्यावं लागलं असतं. आता मात्र शोभाबाईंना आईने स्वतः एक्स-रेला नेलं होतं आणि तो स्वच्छ निघाला होता. खोकला होता तो संडास-बाथरूमच्या अ‍ॅसिडचा. ते अ‍ॅसिड त्या आमच्याच घरात वापरत होत्या.

पुढच्या तपासणीला मी ग्रेसला फॉर्म काढायला सांगितला. तिने 'नो' खोडून 'फादर' लिहिलं. तिला नवल वाटलं नाही. तिच्या गावी भाऊ टीबीने गेला, असं तिने तेव्हा पहिल्यांदा सांगितलं. "औषध जगात होतं," ती म्हणाली, "आमच्या गावच्या दवाखान्यात मात्र अर्ध्यातच संपलं. तुझ्या दारात आम्ही पत्र पाठवतो, आणि लोक ते टाकून देतात." ती रागावून बोलली नाही. तिने पुढच्या महिन्याच्या गोळ्या दोनदा मोजून माझ्या हातात दिल्या.

आता प्रश्न होता शोभाबाईंच्या कामाचा. त्यांची चारही घरं माझ्या एका फोनने गेली होती. खरं सांगितलं तर निखिलचं स्थळ जाईल अशी आईला धास्ती, आणि न सांगितलं तर शोभाबाईंच्या नावावरचा टीबी त्या जिवंत असेपर्यंत पुसला जाणार नव्हता. आईने चार दिवस माझी विनवणी केली. मी निखिललाच विचारलं. तो म्हणाला, "ताई, लपवून लग्न केलं तर पुढे माझ्या बायकोला बिटाची गोष्ट मला सांगावी लागेल." मी बिल्डिंगच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर माझ्या नावाने लिहिलं की टीबी मला झालाय, तो बहुधा आमच्याच घरातून आलाय, शोभाबाईंचा रिपोर्ट स्वच्छ आहे आणि त्यांच्यावर आळ मी घेतला होता. मग बाबांनी लिहिलं, "टीबी मला झाला होता. पूर्ण उपचार घेऊन मी बरा झालो." सोळा वर्षं या माणसाने घरातसुद्धा तो शब्द उच्चारला नव्हता. दुसऱ्या दिवशी ते शोभाबाईंचा रिपोर्ट हातात घेऊन तिन्ही घरी स्वतः जाऊन आले.

निखिलच्या स्थळाचं विचाराल, तर त्या मुलीने मला फोन करून विचारलं की घरातल्या सगळ्यांनी कुठली तपासणी करून घ्यावी. मला ती फार आवडली.

आज माझा गोळ्यांचा सहावा महिना संपतोय आणि शेवटची थुंकीची तपासणी स्वच्छ आली आहे. ओवीचं औषध केव्हाच संपलं. मी ग्रेसची, त्या आठ्या घालायला लावणाऱ्या डॉक्टरांची आणि या देशातल्या त्या साध्या पत्राची ऋणी आहे. तुमच्याकडे असं पत्र आलं तर कृपा करून जा. संशय घ्यायचाच असेल तर तो आपल्या घरातल्या गप्प माणसांवर घ्या, आणि न घाबरता विचारा.

शोभाबाईंना तिन्ही घरं परत मिळाली. आमच्या घरासाठी मी स्वतः फोन केला, चुकीची माफी मागितली आणि परत या म्हणून सांगितलं. त्यांनी माझी तब्येत विचारली, ओवीची विचारली. मग म्हणाल्या, "येत नाही मी, ताई. तुमच्या घरी काय असते, ते कोणी सांगत नाही. माह्या घरी लहान नात हाये."