जेवणाआधीचा हिरवा ठिपका

माझ्या वडिलांचं, आप्पांचं दिवसकार्य उरकून मी नुकतीच कामावर परतले होते. मारतहळ्ळीच्या ऑफिसात डबा उघडता उघडता सहज आमच्या मराठी मंडळाची वेबसाइट पाहिली, तर सभासदांच्या यादीत आप्पांच्या नावापुढे हिरवा ठिपका. म्हणजे हा माणूस आत्ता, या क्षणी लॉग इन आहे. तो ठिपका मीच बसवला होता, त्यामुळे त्याचा दुसरा काही अर्थ काढायची सोय नव्हती.

आमची मराठी घराणी बेंगळुरात कैक पिढ्यांपासूनची. पोरगी कंप्यूटरमध्ये आहे म्हटल्यावर मंडळाची वेबसाइट माझ्याच गळ्यात पडली. एकेका काका-काकूंचं खातं मी शेजारी बसून उघडून दिलं. पासवर्ड विसरल्यावर कोणता प्रश्न विचारायचा, यावर बैठकीत रणकंदन झालं आणि शेवटी अध्यक्ष म्हणाले, "कुलदैवत विचार की. ते कोण विसरतंय?" निम्म्या मंडळाचं उत्तर तुळजाभवानीच येणार, मग कुणीही कुणाच्याही खात्यात शिरेल, हे सांगून माझा घसा बसला. ऐकतो कोण!

आप्पा चिकपेटेतल्या एका साड्यांच्या दुकानात कारकून होते. तिथे त्यांचा डबा खाऊन झाल्याशिवाय इकडे जयनगरात आई घास घेत नसे. मला या प्रकाराचा भयंकर राग यायचा. पूर्वी आप्पा जेवण झालं की घरी मिस्ड कॉल द्यायचे. वेबसाइट झाल्यावर मीच शहाणपणा केला आणि दुकानातल्या कंप्यूटरवर त्यांचं खातं कायमचं लॉग इन करून ठेवलं. डबा संपला की ते कंप्यूटर लावायचे, आमचं पान आपोआप उघडायचं, आईच्या मोबाइलवर त्यांचा ठिपका हिरवा व्हायचा आणि ती पान वाढून घ्यायची.

आता आप्पा नव्हते आणि ठिपका रोज लागत होता. आईला काही बोलायचा धीर मला झाला नाही.

रविवारी जयनगरला गेले तर आई रिकाम्या ताटासमोर बसलेली. बाजूला मोबाइल. इन्सुलिनचं इंजेक्शन घेऊन बराच वेळ झालेला, चेहरा घामाने भिजलेला, हात थरथरत होते. मी आधी तिच्या तोंडात साखर कोंबली आणि मग मनसोक्त ओरडले.

"आज दुकान बंद असतंय," ती म्हणाली. "हिरवा दिवा लागला नाही."

"आई, आप्पा गेले! तिथं दुसरंच कुणीतरी कंप्यूटर लावतंय."

"मला येडी समजतीस काय ग? ते गेले ते मला ठाऊक. पण दिवा लागल्याबिगर घास उतरत नाही. काय करू?"

मला एवढंच कळलं, की असंच चाललं तर एखाद्या रविवारी आईही हातची जाईल.

दुसऱ्या दिवशी चिकपेट गाठलं. दुकानाच्या मागच्या खोलीत आप्पांची खुर्ची तशीच होती, पाठीवर त्यांचा टॉवेलसुद्धा. कंप्यूटर चालू, पुढ्यात कुणी नाही, आणि पडद्यावर त्यांचं पान उघडं.

"जेवणाच्या वेळेला स्वल्प वेळ लावून ठेवतो, अम्मा," मालक म्हणाले. "बंद बघवत नाही."

मी लॉग आउट केलं. सुटल्यासारखं वाटेल अशी माझी समजूत होती, पण आठवलं ते आईचं रिकामं ताट.

ठिपका पुसून टाकला तर आई जेवणार नाही, मालकांवर सोडला तर रविवारी उपाशी राहील. तेव्हा तो आपणच लावायचा, सुट्टीच्या दिवशीही, असं मी ठरवलं. ऑफिसात बसून 'पासवर्ड विसरलात?' वर बोट ठेवलं. कुलदैवत विचारलं, मी तुळजाभवानी लिहिलं, नवा पासवर्ड घातला. आप्पांचा मंडळाच्या समारंभातला फेटेवाला फोटो समोर आला आणि त्यांचं नाव घेऊन वेबसाइट मला म्हणाली, आपलं स्वागत आहे. ती अक्षरं मीच लिहिलेली, तरी मी चटकन मागे वळून पाहिलं.

मग रोज तसंच. आधी आप्पा होऊन आत शिरायचं, मग आपला डबा उघडायचा. आईची साखर ताळ्यावर आली.

एके दिवशी मीटिंग काही केल्या संपेना. फोन बाहेर ठेवायला लावलेले. सुटले तेव्हा उन्हं कलली होती. पळत येऊन आईला फोन लावला, जेवलीस का विचारलं.

"जेवले की," आई म्हणाली. "आज वेळेवर लागला होता."

मी आप्पांचं खातं उघडायला गेले. पासवर्ड चुकीचा आहे. पुन्हा घातला. चुकीचा आहे. कुणीतरी कुलदैवताचं उत्तर देऊन तो बदलला होता. दुकानात फोन केला. मालक म्हणाले, तो कंप्यूटर कधीच बंद पडला, भंगारात दिला.

उत्तर निम्म्या मंडळाला ठाऊक आहे. आईला तर आहेच. पण तिला साधा फोटो पाठवायचा असला तरी मला विचारावं लागतं. खातं कुठून उघडलं जातं याची नोंद वेबसाइट ठेवते, आणि ती मला दिसते. ते पान मी दोनदा उघडलं आणि न वाचता मिटवलं. मला भीती वाटते. तिथे आईचा मोबाइल निघेल याचीही वाटते, आणि निघणार नाही याचीही.

तेव्हापासून मी त्या खात्याला हात लावलेला नाही. ठिपका रोज जेवणाच्या वेळेला लागतो, रविवारीसुद्धा. आई जेवते.

काल जरा उशीर झाला. शेजारी बसणाऱ्या बेळगावच्या मैत्रिणीने माझ्या झाकलेल्या डब्याकडे पाहून विचारलं, "अगं, खात का नाहीस?"

माझी नजर मोबाइलवर होती. "थांब ना स्वल्प," मी म्हटलं. "आप्पांचं व्हायचंय अजून."