खोलीची शांतता

माहितीपटांचं संपादन करण्यात त्याची तीस वर्षं गेली. ऑफिसात सगळे त्याला कात्रीकाका म्हणत, जरी खरी कात्री टेबलावरून केव्हाच नाहीशी झाली होती. लोकांचं अडखळणं, खोकणं, ‘म्हणजे’, ‘ते आपलं’ असं चाचपडणं तो इतक्या सफाईनं काढून टाकी, की कोणाचंही बोलणं इस्त्रीच्या कपड्यासारखं दिसे. त्याचं कौतुक होई आणि ते त्याला आवडेही.

आईला ऐंशी वर्षं पूर्ण झाली तेव्हा ताई म्हणाली, “जगातल्या माणसांच्या फिल्म करतोस, एकदा आपल्या आईचीही कर.”

दोन दुपारी तो आईच्या खोलीत कॅमेरा लावून बसला. आई चष्मा पुसत, थांबत, आठवत सहा तास बोलली. त्यानं त्यातली पस्तीस मिनिटं ठेवली. कुठे खडा लागणार नाही अशी. मूळ चित्रण मात्र पुसून टाकलं, पुढच्या कामाला जागा हवी होती. पक्कं झालं की कच्चं पुसायचं, ही त्याची कायमची पद्धत.

दीड वर्षानं आई गेली. त्यानंतर महिन्याभरानं भावंडं त्याच्या कामाच्या खोलीत ती फिल्म बघायला बसली. संपली तरी ताई पडद्याकडे बघत होती.

“छान झालीय. पण ही आई नाही रे.”

“म्हणजे?”

“आई इतकं भरभर कधी बोलली? काही विचारलं की आधी ‘थांब हं, सांगते’, मग चष्मा पुसणं, मग मुद्दा सोडून शेजारणीची गोष्ट. ते कुठंय?”

“काढलं.”

“मग मूळचं लाव.”

“पुसलं, ताई.”

ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, “लहानपणीही टोक काढता काढता पेन्सिलच संपवायचास.”

पुढचे चार दिवस त्यानं सगळे कप्पे धुंडाळले. सापडली एकच लहानशी आवाजाची फाइल. चित्रण संपलं की सगळ्यांना गप्प बसवून खोलीचा नुसता आवाज अर्धं मिनिट टिपून ठेवतात, तुकडे जोडताना मध्ये भरायला. ही वेगळ्या कप्प्यात होती म्हणून वाचली होती. वर त्यानंच लिहून ठेवलं होतं : खराब.

ताईला बोलावून त्यानं ती लावली. पंख्याची घरघर, लांबून गेलेली एक गाडी आणि अगदी जवळ आईचा श्वास. मग आईच बोलली, “झालं का रे? हलू का आता?”

त्यावर त्याचा चिडका आवाज : “आई, गप्प बस ना जरा.”

त्यानंतरचे दहा सेकंद आईनं श्वाससुद्धा रोखून धरला होता. तेवढे दहाच त्यानं तेव्हा फिल्ममध्ये वापरले होते.

त्याचा हात सवयीनं माउसकडे गेला. “माझं ते वाक्य तेवढं काढतो,” तो म्हणाला.

“हात लावू नकोस,” ताई म्हणाली. “पुन्हा लाव.”