शिट्टी होईपर्यंत

पुठ्ठ्याची खोकी विकून फुटबॉलचा संघ पोसायचा म्हणजे नाकापेक्षा मोती जड. हे तिला वडिलांच्या हयातीतच कळलं होतं, पण सांगायची सोय नव्हती. वडील कारखाना चालवायचे आणि संघ मिरवायचे. ते गेल्यावर दोन्ही गोष्टी भावंडांच्या निम्म्या-निम्म्या झाल्या. कारखान्यात तिचा शब्द शेवटचा. एका खोक्याचा कोपरा दबलेला दिसला तरी अख्खा माल परत घ्यायची, आणि माणसांच्या बाबतीतही तिचं तसंच होतं. सगळे तिला मालकीणबाई म्हणत. दादा तेवढा अजून छोटी म्हणायचा.

दादा मऊ. खेळाडूंच्या लेकरांची नावं त्याला पाठ असत, आणि कुणाला संघातून काढायचं असलं की नेमका त्याच दिवशी तो दाताच्या डॉक्टरकडे जायचा. दादांना दात किती आहेत देव जाणे, असं पोरं म्हणायची.

वडिलांचा एक दंडक होता. सामना चालू असताना वरच्या बैठकीतल्या मालकांच्या खुर्च्या रिकाम्या दिसता कामा नयेत. एकदा ते स्वतः पाहुण्यांना पोचवायला उठले होते. खाली पोरांना वाटलं, मालकांनी आपल्यावर पाणी सोडलं, आणि त्यांनी हातातला सामना घालवला. तेव्हापासून घराला आग लागली तरी शिट्टी होईपर्यंत बसायचं.

हंगाम अर्ध्यावर आलेला असताना एका सामन्यात दादा मधेच उठला. त्याला फोन आला, त्याने तो कानाला लावून ऐकला आणि एक शब्द न बोलता निघून गेला. परत आलाच नाही. संघ एका गोलने हरला. दुसऱ्या दिवशी सरावानंतर तो खेळाडूंच्या खोलीत आला, तेव्हा हिच्या जिभेला हाड राहिलं नाही. बूट सोडत बसलेल्या पोरांसमोर ती म्हणाली, "बाबांच्या खुर्चीत पळपुटा बसवलाय आपण." दादा हसला. लागलं की हसायचं, ही त्याची लहानपणापासूनची रीत. पुढच्या सामन्यापासून तिने नवा नियम काढला. बैठकीत शिरण्याआधी सगळ्यांनी फोन व्यवस्थापकाच्या खणात ठेवायचे. नियम सगळ्यांना होता, पण रोख कुणावर होता ते न कळण्याइतकं दूधखुळं तिथे कुणी नव्हतं.

दादाच्या खुर्चीत वहिनीचा भाऊ येऊन बसायला लागला, तेव्हा कुठे वहिनीने खरं काय ते सांगितलं. तो फोन हॉस्पिटलचा होता. दादाच्या रक्तात वाईट दुखणं निघालं होतं. त्या दिवशी तो घरीसुद्धा गेला नव्हता. कसं सांगायचं ते कळेना, म्हणून मैदानाबाहेर गाडीत बसून राहिला होता. छोटीला हंगाम संपेपर्यंत सांगू नकोस, असंही त्याने बजावलं होतं.

मग ती रोज संध्याकाळी हॉस्पिटलात जायला लागली. दादाशी गोलकीपरच्या गुडघ्याबद्दल बोलायची, मैदानाच्या एका बाजूला गवत धरत नाही त्याबद्दल बोलायची. "चुकले रे दादा" एवढंच तोंडातून निघत नव्हतं. जन्मात कधी कुणाची माफी मागितली नव्हती, तिला सवय नव्हती. शेवटी तिने मनाशी ठरवलं, हंगामाचा शेवटचा सामना होऊ दे. तो बरोबरीत सुटला तरी संघ लीगमध्ये टिकणार होता. ती बातमी घेऊन जायचं आणि तिच्या आडून ते दोन शब्दही सांगून टाकायचे. रिकाम्या हाताने माफी मागणं तिला जड जात होतं.

सामन्याच्या दिवशी सकाळी दादा उशीला टेकून बसला होता. जा, उशीर करू नकोस, म्हणाला.

उत्तरार्धात एक-एक गोल झालेला असताना व्यवस्थापक बैठकीच्या दारात येऊन उभा राहिला. तिने त्याला डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहिलं. असेल काहीतरी बसचं नाहीतर पत्रकारांचं, असं वाटून तिने मान न वळवता हातानेच थांब म्हटलं. तो थांबला. खेळाडूंच्या खोलीत त्या दिवशी तोही होता. खणातला तिचा फोन पाठीमागे धरून तो शिट्टी होईपर्यंत तसाच उभा राहिला. खाली पोरं एकमेकांच्या अंगावर उड्या मारायला लागली, तेव्हा त्याने फोन पुढे केला. वहिनीचे इतके फोन येऊन गेले होते की पुढचं विचारायची गरज नव्हती.

वहिनी हॉस्पिटलच्या बोळात बाकावर बसली होती. रडून झालं होतं तिचं. ही शेजारी बसली आणि म्हणाली, "मला बोलव म्हणाला नाही का गं?"

"आधी म्हणाले, छोटीला बोलव. मी फोन लावत होते, तू उचलत नव्हतीस." वहिनीच्या आवाजात राग नव्हता, तो असता तर बरं झालं असतं. "मग त्यांनीच विचारलं, सामना संपला का? म्हटलं, नाही अजून. तर म्हणाले, मग राहू दे. मधेच उठली तर तिलाही लोक पळपुटी म्हणतील."

ती उठून आत गेली. नर्स चादर घेऊन उभी होती, तिला तिने जरा थांबायला सांगितलं. पलंगाच्या कडेला बसून तिने दादाचा हात हातात घेतला आणि सांगायचं होतं ते सगळं सांगितलं, अगदी पहिल्यापासून, चांगलं मोठ्याने. सांगता सांगता मधेच थांबायची, दादा काहीतरी म्हणेल म्हणून.