डाव्या हाताचा घण

पडेगावला उतरलो तेव्हा आईचे पाय सुजले होते आणि मी स्वतःवरच चिडलो होतो. पंच्याऐंशी वर्षांच्या बाईला पुण्याहून इतक्या लांब आणायचं, तेही वैजापूरच्या बाजाराचा एक जुना मूक वार्तापट दाखवायला!

आईचे वडील, म्हणजे तिचे दादा, त्या बाजारात वडाखाली भट्टी लावायचे. ती दोन वर्षांची असताना ते गेले. फोटो एकही नाही. आजीनं सांगितलेली खूण एकच, घण (लोहाराचा मोठा हातोडा) डाव्या हातानं चालवायचे. आईही डावरीच, पण छड्या खाऊन उजवी झालेली.

त्या वार्तापटाचं रीळ पडेगावच्या रफीकचाचांकडे होतं. त्यांचे वडील तंबूत सिनेमा दाखवायचे. चाचींनी आधी नान-खलिया (तंदुरी रोटी आणि मटणाचा रस्सा) वाढलं. आई पोटभर जेवली, तेवढंच बरं वाटलं.

मग भिंतीवर चादर टांगली आणि चाचांनी यंत्राची मूठ फिरवायला घेतली. बैलगाड्या आल्या, कांद्याचे ढीग आले, कॅमेरा बघून पदर ओढणाऱ्या बाया आल्या. शेवटी वड, भट्टी आणि घण उचलणारा माणूस. उजव्या हातानं.

"नाय," आई म्हणाली. "हे आमचे दादा नव्हं. चल आता."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

चहा घेऊन आलेल्या चाची दारातच थबकल्या. "अजी, रीळ उलटी लगाए क्या? पाटी पे हलवाई उलटा दिखरा."

वडाशेजारच्या मिठाईच्या दुकानावरची ती उर्दू पाटी मीही पाहिली होती. पण उर्दू उजवीकडून लिहितात एवढंच मला ठाऊक. मला ती सुलटी काय न् उलटी काय.

चाचांनी कपाळावर हात मारला. त्यांनी रीळ पलटून लावलं. पुन्हा गाड्या, पुन्हा बाया, पुन्हा वड. आता घण डाव्या हातात होता.

"व्हय," आई म्हणाली. "हेच." मग डोळ्यांना पदर लावून म्हणाली, "लई तरणे दिसतात रं." मी हुश्श केलं. चाचांनी तेवढा तुकडा तीनदा दाखवला.

परतीला बस चहासाठी थांबली. आईनं ग्लास डाव्या हातात घेतला. मी बघतोय म्हटल्यावर म्हणाली, "काय बघतोस? दादांवर गेलेय मी."